फाटक्या गळ्याचा डबा

मी वारियाचा डबा बोलतोय. गिटारच्या तारांचा बारीक आवाज एका वायरीतून माझ्या पोटात शिरतो आणि मोठा होऊन तोंडातून बाहेर पडतो, एवढंच माझं काम. शहरात मला ॲम्प्लिफायर म्हणतात. इथे ऑस्ट्रेलियाच्या उत्तर टोकाजवळच्या थर्स्डे आयलंडवर कुणी तसं म्हटलं तर बाकीचे त्याच्याकडे बघत बसतील. इथे मी डबा.

वारिया आता नाही. हे दोन वर्षं मला बोलता आलं नाही, कारण दोन वर्षं मी बंद होतो. म्हणून आधी तेच बोलून टाकलं. नाहीतर पुढचं काही मला सांगता येणार नाही.

माझा जन्म धक्क्याजवळच्या एका रेडिओ दुरुस्तीच्या दुकानात झाला. दुकान सिप्रियानोचं. युद्ध संपल्यावर सैनिक मागे जे सामान टाकून गेले, त्यातल्या बिनतारी यंत्रांचे काचेचे व्हॉल्व्ह त्याने माझ्या पोटात बसवले. अंग चहाच्या खोक्याच्या फळ्यांचं. उघड्यावरच्या सिनेमावाल्याने जुना म्हणून काढून टाकलेला एक स्पीकर होता, तो माझं तोंड झाला. या तोंडाच्या आत कागदाचा एक पडदा असतो. तोच थरथरतो आणि आवाज होतो. तो पडदा म्हणजे माझा गळा. तेवढं लक्षात ठेवा.

वारिया रोज संध्याकाळी दुकानाच्या पायरीवर येऊन बसायचा.

"मामा, झाला का?"

"पोराला नऊ महिने लागतात. तुझ्या डब्याला नऊ दिवस तरी दे."

"दहा झाले."

"मग मुलगी असेल. नटायला वेळ लागतो."

वारिया तेव्हा चोवीस वर्षांचा होता. मोत्यांच्या शिंपल्यांसाठी समुद्राच्या तळाशी उतरायचा. अंगाने दांडगा, पण तोंडाने मुका म्हणावा इतका गप्प. चर्चमध्येसुद्धा सगळे गात असताना हा नुसते ओठ हलवायचा. शिंपल्याचा एक तुकडा घासून त्याने नखी केली होती, तिने तो तारा छेडायचा. मी पहिल्यांदा बोललो तेव्हा माझा आवाज स्वच्छ होता. अगदी धुतल्यासारखा. वारियाने थोडं वाजवलं, मान हलवली आणि म्हणाला, "चांगला आहे." पण मला कळलं की तो काहीतरी वेगळंच शोधत होता.

त्याचा एक धाकटा भाऊ होता, एझ्रा. सतरा वर्षांचा. शाळा त्याने तिसरीतच सोडली, की शाळेने त्याला सोडलं, हे दोघांनाही नक्की सांगता यायचं नाही. डोक्यात आलं की हात चाललेच. तो दादाच्याच बोटीवर होता. वारिया पाण्याखाली असला की त्याच्या हवेची नळी एझ्राच्या हातात असायची. आणि वारिया वर आला, गिटार घेऊन कुठे निघाला, की त्याच हातात मी असायचो. दादा दुसऱ्या कुणाला मला उचलू देत नसे.

वाराबेर बेटावर एक लग्न होतं. बोट पोचली तेव्हा ओहोटी लागली होती. बेटाभोवतीचा सगळा प्रवाळ उघडा पडला होता आणि छोटी होडीही किनाऱ्याला लागत नव्हती. म्हातारी माणसं म्हणाली, दोन तास थांबा, पाणी चढेल.

"दोन तास?" एझ्रा म्हणाला. "तोवर कासवाचं मटण संपेल आणि आपल्याला हाडं मिळतील."

त्याने मला खांद्यावर घेतलं आणि प्रवाळावरून अनवाणीच चालत निघाला. मागून वारिया ओरडला, "हळू रे!" हळू हा शब्द एझ्राला कधी कळला नाही. अर्ध्या वाटेत त्याचा पाय घसरला. पडता पडता त्याने तोल सावरला आणि मला खाली ठेवलं. आता हे नीट ऐका. त्याने मला आपटलं नाही. त्याला ठाऊक होतं की माझ्या पाठीमागे काचेचे व्हॉल्व्ह आहेत आणि वारियाचा सगळा जीव त्यांत आहे. म्हणून त्याने मला मोठ्या जपणुकीने पालथं ठेवलं. तोंडावर.

खाली हरणाच्या शिंगांसारखा फांद्याफांद्यांचा प्रवाळ होता. एक शिंग माझ्या तोंडावरच्या कापडातून सरळ आत गेलं आणि माझा गळा फाडून बाहेर आलं.

एझ्राने मला उचललं आणि तोंडाकडे पाहिलं. कुणाला काही न बोलता त्याने मला चर्चमागच्या जनरेटरला जोडलं आणि स्वतः चुलाण्यांच्या मागे जाऊन बसला.

वारिया वाजवायला लागला. आणि मी बोललो.

काय सांगू! तो आवाज माझाच होता यावर माझा विश्वास बसेना. लाट प्रवाळावर फुटताना जशी आधी घरघरते आणि मग कडाडते, तसा. घसा बसलेल्या म्हाताऱ्याने समुद्राला शिवी द्यावी, तसा. लग्नातली माणसं आधी दचकली, मग हसायला लागली.

"वारिया, तुझ्या डब्याला सर्दी झालीय रे!" एक आत्या ओरडली.

"आणि गाणारा कुठंय? बोटीतच विसरलात का?"

वारिया थांबला. त्याने माझ्याकडे पाहिलं. त्याच्या तोंडावर मी असं काही पाहिलं की ते पुन्हा पाहायला मी काहीही देईन. जन्मभर ओठ हलवणाऱ्या माणसाला अचानक गळा सापडला होता. तो खाली वाकला, माझी कळ पूर्ण फिरवली आणि पुन्हा वाजवायला लागला. या वेळी कुणी हसलं नाही. ती आत्याच पहिली उठली. मग नवरी उठली. मग वाळू अशी उडाली की सगळ्यांच्या भातात गेली. एकच धून त्याला सहा वेळा वाजवायला लावली.

शेवटी तो चुलाण्यांकडे गेला. एझ्रा राखेत काडीने रेघा मारत होता.

"डबा फोडलास ना, गाढवा?" वारिया म्हणाला आणि त्याच्या डोक्यात एक टपली मारून निघून गेला.

तो हसत होता. पण एझ्राची मान खाली होती. त्याला नुसते शब्द ऐकू आले.

पुढे सिप्रियानोने माझा पडदा बदलायला घेतला तेव्हा वारियाने त्याचा हात धरला. "मामा, त्याला हात लावू नकोस." फाट वाढू नये म्हणून त्याने फक्त कडांना मेण लावलं, शिवणाच्या दोऱ्याला लावतात तेच.

त्या धुनीचं नाव त्याने ठेवलं 'प्रवाळावर अनवाणी'. तिच्यात एकही शब्द नव्हता. मला ब्रिस्बेनला नेऊन तिची तबकडी काढली. तिथला मशीनवाला माणूस मला बघून म्हणाला, "हा फाटलाय, आमचा चांगला घ्या." वारिया माझ्यावरच बसून राहिला. शेवटी त्यांनी मलाच जोडलं.

मग ती तबकडी रेडिओवर लागली आणि पत्रं यायला लागली. केर्न्सहून, पोर्ट मोर्स्बीहून, होनियाराहून, न्यूझीलंडच्या कुठल्या कुठल्या गावांहून. पोरं विचारायची, हा आवाज कसा काढता? आणि उत्तर जायच्या आधीच आपापले स्पीकर फोडून बसायची. कुणी पेचकस खुपसला, कुणी जिन्यावरून ढकलून दिला. एका बापाने रागाने लिहिलं होतं, 'तुमच्यामुळे माझ्या मुलाने नवा कोरा स्पीकर फाडला आणि आता तो जेवायलाही उठत नाही. मी काय करावं?' वारियाची बायको एल्मा पत्रं वाचायची आणि उत्तरंही तीच लिहायची. तिने विचारलं, "काय लिहू?"

वारियाने बराच विचार केला. "लिही, ताट तिथेच नेऊन द्या."

काहीजण लांबून भेटायलाही आले. वारिया त्यांना माझ्यासमोर बसवायचा, चहा द्यायचा आणि प्रत्येकाला एकच गोष्ट सांगायचा. त्याच्या तोंडून येणारं ते सगळ्यांत लांब वाक्य असायचं. "हा आवाज माझ्या धाकट्या भावाने शोधला. मी नुसता वाजवतो. माझं भोक मोजू नका, तुमचं तुम्ही पाडा."

हे मी ऐकलं. एल्माने ऐकलं. परक्या पोरांनी ऐकलं. एझ्राने कधीच ऐकलं नाही. तो नेमका समुद्रावर असायचा. आणि तो घरी असला की वारिया पाहुण्यांना म्हणायचा, "हा माझा भाऊ. माझा डबा फोडणारा." सगळे हसायचे. एझ्राही हसायचा. पण मी खाली जमिनीवर असतो, मला माणसांचे हात आधी दिसतात. तेवढा वेळ तो हात पाठीमागे धरून उभा असायचा.

चौदा वर्षं असं चाललं. मग एके दिवशी सकाळी खेकड्यांची टोपली उतरवताना वारिया पायरीवर बसला आणि उठलाच नाही. अडतीस वर्षांचा होता. मला राग आला. अजून येतो. एवढा मोठा माणूस, पाण्याखाली वीस वाव खोल जाऊन परत येणारा, आणि एका पायरीवरून त्याला उठता येऊ नये?

एझ्रा दूर उत्तरेला मासेमारीवर होता. त्याला निरोप पोचायला चार दिवस लागले आणि त्या उकाड्यात थांबता येत नव्हतं. तो आला तेव्हा माती टाकून झाली होती. तो धक्क्यावरून थेट कबरीवर गेला, हातांनी माती उकरायला लागला. चौघांनी धरून आणला.

आमच्याकडची रीत अशी की मेलेल्याच्या रक्ताच्या माणसांनी कुठल्याच कामाला हात लावायचा नाही. कबर खणायची, जेवण रांधायचं, पुढे दगड बसवायचा, सगळं सासरकडची माणसं करतात. घरच्यांनी फक्त रडायचं. ते त्यांचं काम. आणि कबरीवरच्या दगडाची कापडं काढून तो सगळ्यांसमोर उघडेपर्यंत, म्हणजे वर्ष-दोन वर्षं, घरात वाजवणं नाही, गाणं नाही. रेडिओसुद्धा भिंतीकडे तोंड करून ठेवतात. एल्माचा भाऊ मारेको याने मला फुलाफुलांच्या कापडात गुंडाळलं आणि कोपऱ्यात ठेवलं.

एझ्रा त्याच्या मागे मागे फिरायचा. "दगड मी आणतो."

"नाही."

"मग रंग तरी मी देतो."

"बाला," मारेको म्हणाला; आमच्याकडे भावाला बाला म्हणतात. "तू बस. तुझं काम रडायचं."

"रडून झालं माझं! काहीतरी करू दे मला!"

"झालं असतं तर असा ओरडला नसतास," मारेको म्हणाला आणि त्याच्या हातातून कुंचला काढून घेतला.

ज्या हातांत भावाचा श्वास असायचा, त्या हातांना आता काहीच काम नव्हतं. तो रोज संध्याकाळी एल्माकडे यायचा आणि माझ्यासमोर जमिनीवर बसायचा. एकदा त्याने कापडाचं टोक उचललं, माझ्या फाटलेल्या गळ्यावर बोट ठेवलं आणि म्हणाला, "दादा, मी हे नीट करून देतो. दगड उघडेल त्या दिवशी तुझा डबा धड असेल."

 मी ओरडायला हवं होतं. पण मला ओरडायला वीज लागते आणि वीज कापडाच्या बाहेर होती.

त्याने केर्न्सहून नवा पडदा मागवला. सिप्रियानो असता तर त्याने अडवलं असतं, पण सिप्रियानो वारियाच्याही आधी गेला. एल्मा बाजारात गेली असताना एझ्राने माझं तोंड उघडलं. चाकूने जुना पडदा कडेकडेने सोडवला. इतक्या हळू त्याने आयुष्यात काही केलं नसेल. घाम टपकत होता, तो बाहीने पुसत होता. नवा पडदा डिंकाने चिकटवला. आणि बसवून झाल्यावर मला चालू करून पाहिलं नाही, कारण घरात आवाज करायचा नव्हता. तसं केलं असतं तर त्याला तेव्हाच कळलं असतं. पण एझ्रासारख्या माणसाने एकदाच रीत पाळली, तीही नेमकी तेव्हा.

जुना पडदा घेऊन तो धक्क्याच्या टोकाला गेला. परत आला तेव्हा हात रिकामे होते.

मी कोपऱ्यात वाट पाहत राहिलो. वारियाचा आवाज समुद्रात होता आणि हे जगात फक्त मला माहीत होतं.

दगड उघडायचा दिवस आला. बेटाबेटांवरून माणसं आली. पाद्रीबाबांनी प्रार्थना केली, बायकांनी दगडावरची कापडं एकेक करून काढली आणि वारियाचं नाव उन्हात आलं. एल्मा तेव्हा रडली, आणि मग रडणं थांबवून म्हणाली, "चला, जेवायला चला." सुतक संपलं होतं. रताळी, भोपळा, नारळाच्या दुधातला मासा, जमिनीत पुरून भाजलेलं डुक्कर. लोक पोटभर जेवले आणि माझ्याकडे बघायला लागले.

केर्न्सहून रोझेटा नावाची एक बाई आली होती. तिशीची. पूर्वी पोरगी असताना ती वारियाला भेटून गेली होती आणि आता तिच्या गिटारसाठी लोक रांगा लावतात असं ऐकलं. एल्माने वारियाची गिटार आणि शिंपल्याची नखी तिच्या हातात दिली. मारेकोने माझं कापड काढलं. दोन वर्षांनी माझे व्हॉल्व्ह लाल झाले.

रोझेटाने 'प्रवाळावर अनवाणी' सुरू केलं.

माझ्या तोंडातून स्वच्छ, गोड, धुतलेला आवाज आला. एखाद्या शाळकरी मुलाने पाठ म्हणावा तसा. चार सूर झाले आणि रोझेटाचा हात थांबला. माणसांमध्ये एक मूल तेवढं रडत होतं.

"हा कोण आहे?" एल्मा म्हणाली. "हा माझ्या घरातला नाही."

एझ्रा पुढे झाला. चेहरा उजळलेला होता. "वहिनी, मी दुरुस्त केला. आता फाटका नाही तो."

बायका एकमेकींकडे बघायला लागल्या. त्याने एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं आणि त्याचा चेहरा हळूहळू विझला. "काय झालं?"

रोझेटाने गिटार खाली ठेवली. "तू एझ्रा का? ज्याने हा आवाज शोधला तो?"

"मी डबा फोडणारा एझ्रा."

"तेच ते. मी सोळा वर्षांची असताना इथे आले होते. त्यांनी मला चहा दिला आणि म्हणाले, हा आवाज माझ्या धाकट्या भावाने शोधला, मी नुसता वाजवतो. मी घरी जाऊन बापाच्या ग्रामोफोनचा स्पीकर कात्रीने फाडला. मार खाल्ला. पण आज जे काही वाजवते ते त्यातूनच. आमच्याकडे सगळ्यांना तुझं नाव ठाऊक आहे. तुला माहीत नाही?"

एझ्रा तिथेच वाळूत बसला. मग एकदम उसळला. "मग मला का नाही सांगितलं? परक्यांना सांगितलं, मला का नाही? चौदा वर्षं डबा फोडणारा, डबा फोडणारा! आणि मी तो आवाज समुद्रात टाकून आलो, वहिनी! दादाचा आवाज मी समुद्रात टाकला!"

एल्मा त्याच्याजवळ जाऊन बसली. "त्याला बोलता कुठे यायचं रे? बोलता आलं असतं तर तो गायला नसता का? तुझ्यासमोर तर त्याची जीभच वळायची नाही. मी म्हणायचे, सांग त्याला. तर म्हणायचा, त्याला माहीत असेल. नळी धरणाऱ्याला सगळं कळतं."

एझ्रा रडला. दोन वर्षं रडून झालं म्हणत होता, ते सगळं तेव्हा रडला. लहान मुलासारखा, तोंड उघडं टाकून. लोकांनी त्याला रडू दिलं.

मग त्याने नाक पुसलं आणि रोझेटापुढे हात केला. तिला कळलं. तिने शिंपल्याची नखी त्याच्या तळहातावर ठेवली. तो माझ्यासमोर गुडघ्यांवर आला. सवयीने मारेकोचा हात त्याला अडवायला पुढे झाला, मग त्याने तो मागे घेतला.

"दगड उघडलाय, बाला," तो म्हणाला. "आता तुझे हात मोकळे."

एझ्राने मला पालथं केलं नाही. माझ्या तोंडात सरळ पाहिलं. "लागेल तुला," तो हळूच म्हणाला. त्याने नखीचं टोक कापडातून आत घातलं आणि एका ओढीत माझा गळा फाडला.

लागलं. खोटं कशाला बोलू?

रोझेटाने तार छेडली. आणि मी घरघरलो, मग कडाडलो. तो वारियाचा आवाज नव्हता. ती फाट प्रवाळाची होती, ही शिंपल्याची. हा आवाज थोडा वरचा होता, थोडा घाईचा. पण धाकट्या भावाची हाक अंधारात ऐकली की क्षणभर मोठाच आला असं वाटतं ना, तसं सगळ्यांना वाटलं. एल्माने डोळे मिटले. वाराबेरची ती आत्या, आता काठी टेकणारी, काठी टाकून उठली.

"सर्दी आहेच अजून!" ती ओरडली आणि वाळू उडायला लागली.

आता मी एल्माच्या पुढच्या खोलीत असतो. खाऱ्या हवेने माझे खिळे गंजलेत आणि माझ्या पोटात एका पालीने अंडी घातलीत. मध्यंतरी एका संग्रहालयाचं पत्र आलं होतं, मला काचेच्या कपाटात ठेवायचं म्हणून. एल्माने ते एझ्राला वाचून दाखवलं. तो म्हणाला, "त्यांना लिही, तो कपाटात श्वास कसा घेईल?"

मलाही एवढंच मागायचं आहे. मला धड करू नका. मला जपून गप्प ठेवू नका. आणि ज्यांना धाकटे भाऊ आहेत त्यांनी जे परक्यांना सांगता ते एकदा त्यांनाही सांगा. डबा किती दिवस सांगत राहणार?

एझ्रा रोज संध्याकाळी येतो. गिटार शिकतोय. फार वाईट वाजवतो. पोरं अजून लांबून येतात, माझ्यासमोर बसतात, माझ्या तोंडावरचं फाटकं कापड बघतात आणि विचारतात, हा कुणी फोडला?

तो हात पुढे करून दाखवतो.

"मी," तो म्हणतो. "दोनदा."